‘हिणवणं’ म्हणजे नेमकं काय, आणि त्याला उत्तर काय द्यायचं?

पत्र

नमस्कार. मी अमळनेर तालुक्यातली. जळगावच्या सराफ बाजारात एका दुकानात दिवसा काउंटरवर आणि संध्याकाळी हिशेबाला असते. गावाकडचं गिऱ्हाईक आलं की मी अहिराणीतच बोलते, ‘तुले काय दखाडू माय?’ असं. दुकानात एक जुने सेल्समन आहेत, सगळे त्यांना आप्पा म्हणतात. ते लगेच सगळ्यांसमोर म्हणतात, ‘आली आमची मले-तुले.’ नाहीतर, ‘ही वावरातून थेट काउंटरवर आलीये, सांभाळून घ्या.’ मागच्या आठवड्यात मी म्हटलं, ‘आप्पा, मला हिणवू नका.’ तर म्हणाले, ‘हिणवणं म्हणजे काय ते तरी माहीत आहे का तुला? मी चेष्टा करतो.’ शेठजीही हसले. माझा भाऊ म्हणतो, हा शब्द सोन्यातल्या हिणावरून आलाय. ते खरं का? चेष्टा आणि हिणवणं यातला फरक कसा ओळखायचा? आणि शेठजींना लेखी द्यायचं झालं तर ‘हिणवणे’ लिहायचं की ‘हीणवणे’?

— एक वाचक, अमळनेर तालुका

उत्तर

ताई, आधी शब्दाचंच बघू, कारण आप्पांनी तुम्हाला अडवलं ते शब्दावर.

तुमच्या भावाचं म्हणणं निम्मं बरोबर आहे. हिणवणं आणि सोन्यातलं हीण ही सख्खी भावंडं आहेत, पण एक दुसऱ्यापासून जन्मलेलं नाही. दोघांचं मूळ संस्कृत ‘हीन’. तो शब्द ‘हा’ या क्रियाधातूपासून झाला. पाणिनीय धातुपाठात हा धातू ‘ओहाक् त्यागे’ असा येतो, म्हणजे सोडणे, टाकून देणे. त्यावरून हीन म्हणजे सोडलेला, टाकलेला, ज्याच्यातून काहीतरी निघून गेलंय असा. हानी, हेय, विहीन हे शब्दही याच घरातले. ‘नीच’ हा अर्थ त्यात सुरुवातीला नव्हता, तो नंतर चिकटला.

पुढे महाराष्ट्री प्राकृतात दोन स्वरांच्या मधल्या ‘न’चा ‘ण’ झाला. जन या शब्दाचा जण झाला, ऊनचा उणा, पानीयचं पाणी, आणि तसंच हीनचं हीण. मराठीत दोन्ही रूपं टिकली आणि त्यांनी कामं वाटून घेतली. संस्कृतातून जसाच्या तसा उचललेला ‘हीन’ माणसाला, वृत्तीला, कुळाला लावायचं विशेषण झाला. प्राकृतातून आलेलं ‘हीण’ सराफाच्या पेढीवर बसलं आणि सोन्या-चांदीत मिसळलेल्या हलक्या धातूचं नाव झालं.

‘हिणवणे’ हे क्रियापद कसं बनलं तेही बघा. विशेषणाला ‘-वणे’ किंवा ‘-आवणे’ लावून मराठी क्रियापद करते. लांबवरून लांबवणे, मंदवरून मंदावणे, दुणावरून दुणावणे. लांबवणे म्हणजे लांब करणे, तसं हिणवणे म्हणजे हीन करणे, हीन ठरवणे. जे आधीच लांब आहे ते लांबवावं लागत नाही. म्हणजे ज्याला हिणवलं तो हीन आहे असं हा शब्द म्हणतच नाही. समोरचा त्याला बोलून खाली आणू पाहतोय, एवढंच तो सांगतो. तुम्ही ‘मला हिणवू नका’ म्हणालात तेव्हा स्वतःला कमी लेखलं नाहीत, आप्पांच्या कृतीला तिचं नाव दिलंत. शब्द अगदी चपखल वापरलात.

आता सोनं. तुम्हाला हे रोजचं आहे, पण बाकीच्या वाचकांसाठी सांगतो. २४ कॅरेट सोनं इतकं मऊ असतं की त्याची बांगडी वापरात वाकते, पाटल्या चेपतात, खडा बसवलेलं कोंदण सैल होतं. म्हणून त्यात तांबं, चांदी असं हीण घालतात. २२ कॅरेट म्हणजे हजार भागांत ९१६ भाग सोनं. १० ग्रॅमच्या अंगठीत ९.१६ ग्रॅम सोनं आणि ०.८४ ग्रॅम हीण. १८ कॅरेटला ७५० भाग सोनं, बाकी हीण. हे मोजायची जुनी रीत म्हणजे कसोटी. काळ्या दगडावर दागिना घासून रेघ ओढायची, शेजारी माहीत असलेल्या शुद्धतेच्या सोन्याची रेघ ओढायची, दोन्हींवर तेजाब लावायचं आणि कुठली रेघ किती फिकी पडते ते बघायचं. त्या रेघेला कस म्हणतात. ‘कष्’ म्हणजे घासणे, त्यावरून कस, निकष, आणि कषपट्टिका या शब्दावरून कसोटी. ज्याच्या कसात हीण जास्त दिसलं ते सोनं हिणकस. या रीतीत चूकही होते. मुलामा दिलेला दागिना वरवर घासला तर चांगला ठरतो, म्हणून शंका आली की थोडी खाच पाडून आतल्या धातूची रेघ घेतात. आता १ एप्रिल २०२३ पासून हॉलमार्कबरोबर सहा अक्षर-अंकांचा एचयूआयडी, म्हणजे त्या दागिन्याचा स्वतःचा ओळख-क्रमांक, दागिन्यावर असल्याशिवाय विक्री करता येत नाही, त्यामुळे काउंटरवर दगड क्वचितच निघतो. मोड, म्हणजे जुनं सोनं, घेताना मात्र अजून निघतो.

हे एवढं सविस्तर लिहिलं, कारण पेढीवरचा नियम तुमच्या प्रश्नाला थेट लागू पडतो. सराफ ‘हिणकस’ म्हणतो तो घासून बघितल्यावर म्हणतो, आणि विचारलं तर आकडाही सांगतो. न घासता कुणाचं सोनं हिणकस म्हटलं तर गिऱ्हाईक भांडायला उठेल, आणि ते बरोबरच आहे. वर्तमानपत्रांतून आपण आज ‘हिणकस शेरा’, ‘हिणकस टीका’ हे शब्द सर्रास वाचतो. त्यांत कस हा शब्द नावापुरता उरलाय, घासून बघणं कुठेच नसतं. (जाता जाता, निकष आणि निकस यांची गल्लत खूप होते. निकष म्हणजे कसोटी. निकस म्हणजे कस नसलेलं, जसं निकस जमीन किंवा निकस अन्न.)

आता ‘हीन’ या शब्दातली जी गोष्ट तुमच्या सगळ्यांत जास्त कामाची आहे, तिच्याकडे येऊ. संस्कृतात हा शब्द पुष्कळदा एकटा येत नव्हता. धनहीन, विद्याहीन, बलहीन असा यायचा. कशाने हीन, हे त्यात आधीच सांगितलेलं असायचं, कारण मूळ अर्थच ‘अमुक एक गोष्ट ज्याला सोडून गेली’ असा होता. धनहीन माणूस विद्वान असू शकतो, बलहीन माणूस श्रीमंत असू शकतो. पुढे तो पहिला शब्द गळाला, नुसता ‘हीन’ उरला, आणि एका बाबतीत कमी असलेला माणूस सगळ्याच बाबतीत खालचा ठरला. हिणवणाऱ्याचं काम याच गाळलेल्या जागेवर चालतं. ‘वावरातून आलीये’ या वाक्यात तुम्ही नेमक्या कशात कमी पडलात हे कुठेच नाही. वजनात चुकलात? मजुरी लावण्यात? जीएसटीच्या आकड्यात? काही नाही. म्हणून आप्पांना विचारायचा प्रश्न एकच आहे, ‘कशात?’ तो कसा आणि कधी विचारायचा, ते पुढे लिहिलं आहे.

ही गळती मोठ्या इतिहासातही घडलेली आहे, आणि तिचं उदाहरण तुमच्यापासून फार लांब नाही. अजिंठ्याला गेलात तर ९ आणि १० क्रमांकाच्या जुन्या लेण्यांना ‘हीनयान काळातली’ असं अजून म्हटलं जातं. हे नाव त्या पंथाच्या लोकांनी स्वतःला कधी दिलं नव्हतं. आपल्या मार्गाला महायान, मोठं वाहन, म्हणणाऱ्यांनी जुन्या मार्गाच्या लोकांना ते लावलं. पुढे अभ्यासकांनी ते तसंच उचललं आणि शाळेच्या पुस्तकापर्यंत आलं. १९५० साली कोलंबोत भरलेल्या जागतिक बौद्ध परिषदेने आजच्या थेरवादी बौद्धांसाठी हा शब्द वापरू नये असं ठरवलं. तरी ऐकणाऱ्याला अपमान जाणवेनासा होईपर्यंत तो शब्द शतकानुशतकं चालला. दुकानातल्या ‘मले-तुले’चंही असंच होतं. दोन वर्षांनी ते तुमचं नावच पडेल, आणि मग कुणाला त्यात काही वावगं वाटणार नाही. म्हणून आता बोलणं योग्य.

चेष्टा आणि हिणवणं यांत फरक कसा करायचा, हा तुमचा दुसरा प्रश्न. मराठीत या कामासाठी शब्द भरपूर आहेत आणि प्रत्येकाची जागा वेगळी आहे. चेष्टा किंवा थट्टा, जिच्यात ज्याची केली तोही हसतो. टिंगल, जिच्यात बाकीचे हसतात. उपहासात वर स्तुती आणि आत टोचणी असते. पाणउतारा हा चारचौघांत, एका झटक्यात होतो. तिथे पाणी म्हणजे तेज, जसं आपण पाणीदार मोती म्हणतो, आणि ते उतरवलं की माणसाची अब्रू उतरली. अवहेलनेत बोलावंही लागत नाही, नुसतं दुर्लक्ष केलं तरी होते. तुच्छ लेखणं यात ‘तुच्छ’ म्हणजे रिकामं, पोकळ. ऋग्वेदाच्या नासदीय सूक्तात हा शब्द याच अर्थाने येतो. आणि लेखणं म्हणजे मोजणं, हिशेबात धरणं, म्हणजे हिशेबात शून्य धरणं. घालूनपाडून बोलणं हे रोज थोडंथोडं चालतं. आप्पांचं बोलणं टिंगलीने सुरू होतं आणि घालूनपाडून बोलण्याच्या वाटेने हिणवण्यावर जातं. त्यांना ते चेष्टा वाटतही असेल. पण चेष्टेची पहिली अट तुम्ही हसणं ही आहे, आणि ती पुरी होत नाही.

व्याकरणात एक चांगली खूण आहे, ती वापरा. चूक दाखवली जाते ती कामातली: ‘त्यांनी माझ्या बिलातली चूक दाखवली.’ हिणवलं जातं ते माणसाला: ‘त्यांनी मला हिणवलं.’ आप्पांचं कुठलंही वाक्य घ्या आणि बघा, त्यातून तुम्हाला वगळून नुसतं काम ठेवता येतं का. ‘ताई, या पावतीवर घट लिहायची राहिली’ (घट म्हणजे सोन्याच्या वजनात धरलेली तूट) यातून ‘ताई’ काढलं तरी वाक्य उभं राहतं, पावती दुरुस्त करता येते. ‘वावरातून थेट काउंटरवर’ यातून तुम्हाला काढलं तर काहीच उरत नाही. दुरुस्त करण्यासारखंही काही नाही, कारण वावरातून येणं ही चूक नाही.

याशिवाय तीन गोष्टी बघा. एक, ते कुणासमोर बोललं जातं. एकट्यात कधीच नाही आणि गिऱ्हाईक असतानाच नेहमी, असं असेल तर ते तुमच्यासाठी नसून बघणाऱ्यांसाठी आहे. दोन, उलट चालतं का. तुम्ही आप्पांच्या चष्म्यावरून तेवढंच बोललात तर तेही हसतील का? ते हसत असतील तर चेष्टेला जागा आहे. तीन, आणि हे सगळ्यांत भक्कम, थांबा म्हटल्यावर थांबतं का. चेष्टा करणारा माणूस एकदा सांगितल्यावर ओशाळतो आणि सोडून देतो. तुम्ही सांगितलंत तेव्हा आप्पांनी विषय बदलून तुमच्या मराठीची परीक्षा घेतली. हे लक्षात ठेवण्यासारखं आहे, कारण शेठजींपुढे हाच मुद्दा टिकतो.

आता तुमच्या बोलीबद्दल, कारण सगळा रोख तिच्यावर आहे. ‘मला’ऐवजी ‘मले’ ही चूक नाही. चतुर्थीचा ‘ले’ हा प्रत्यय खानदेशात आहे, वऱ्हाडातही आहे, आणि नियमाने चालतो: मले, तुले, त्याले, गिऱ्हाइकले. ‘पाणी’चं ‘पानी’, ‘डोळा’चं ‘डोया’, ‘जवळ’चं ‘जवय’ हेही नियमच आहेत. जो माणूस एकदा ‘पानी’ म्हणतो तो ‘लोनी’ही म्हणतो, मन मानेल तसं बोलत नाही. ब्रिटिश काळात ग्रिअर्सन या भाषा-अभ्यासकाने भारताच्या भाषांची पाहणी केली, त्यात १९०७ साली छापलेल्या खंडात खानदेशीचं स्वतंत्र वर्णन आहे. २०११च्या जनगणनेत खानदेशी मराठीपासून वेगळी मोजली आहे. अहिराणी तिच्याचखाली येते, आणि खानदेशी बोलणाऱ्यांचा एकूण आकडा १८ लाखांच्या पुढे आहे. तुमच्याच जळगावात असलेल्या विद्यापीठाला २०१८ साली बहिणाबाई चौधरींचं नाव दिलं. त्यांच्या ओव्या लेवा गणबोलीतल्या आहेत, आणि त्या बोलीतही ‘मले’च म्हणतात.

धंद्याच्या बाजूनेही बघा. लग्नसराईत अमळनेर, पारोळा, धरणगाव, शिरपूरकडून येणारी बाई मंगळसूत्राची वाटी हातात घेऊन घट किती धरली हे विचारते, ते तिच्या बोलीत विचारते. तिला तिच्याच बोलीत घट, मजुरी आणि मोडीचा भाव समजावून सांगणं हे काउंटरवरचं कसब आहे. फक्त एक पथ्य पाळा. पावतीवर, मोडीच्या चिठ्ठीवर आणि फोनवरून दिलेल्या भावात प्रमाण मराठी ठेवा, कारण तिथे ऐकणारा किंवा वाचणारा कुठलाही असू शकतो. समोरासमोर मात्र गिऱ्हाइकाच्या बोलीत खुशाल बोला. हा भेद तुम्ही स्वतःहून पाळलात तर ‘अशा बोलण्याने गिऱ्हाईक पळेल’ असं कुणी म्हणायला जागाच उरत नाही.

आता प्रत्यक्ष काय करायचं ते.

पुढचे दोन आठवडे एक छोटी वही ठेवा. प्रत्येक वेळी चार गोष्टी लिहा: तारीख आणि वेळ, बोललेलं वाक्य जसंच्या तसं, समोर कोण होतं, आणि त्या क्षणी तुम्ही कुठलं काम करत होतात. ‘आज पुन्हा अपमान केला’ असं लिहू नका. तो तुमचा निष्कर्ष झाला, आणि निष्कर्षावर वाद घालता येतो. ‘दुपारी साडेबारा, दोन गिऱ्हाइकं समोर, अंगठीचं वजन करत होते, म्हणाले: आली आमची मले-तुले’ यावर वाद घालता येत नाही. आप्पांनी खरी चूक दाखवली असेल तर तीही त्याच वहीत लिहा. वही एकतर्फी दिसली तर तिचं वजन जातं, आणि दुसरं म्हणजे तुम्हालाच कळेल की ते कामाचं किती आणि भलतं किती बोलतात.

प्रश्न विचारायची वेळ नीट निवडा. गिऱ्हाइकासमोर नको, तिथे आप्पांना बघे आयते मिळतात. संध्याकाळी ट्रे मोजून तिजोरीत ठेवताना नको, त्या वेळी कुणाचंच लक्ष धड नसतं आणि एखादा नग कमी निघाला तर खापर बोलण्यावर फुटतं. सकाळी शटर उघडून दिवाबत्ती झाली की गिऱ्हाईक यायच्या आधी दहा-पंधरा मिनिटं मिळतात, ती घ्या. एकट्या आप्पांना, उभ्या-उभ्या, एवढंच म्हणा: ‘आप्पा, काल वावराचं बोललात. कामात कशात कमी पडले ते सांगा, आज दुरुस्त करते.’ अहिराणीत सोपं वाटत असेल तर अहिराणीत म्हणा: ‘आप्पा, कामात काय चुकनं ते सांगा.’ ज्या बोलीत तुमचा आवाज स्थिर राहतो ती निवडा. आमच्या मते अहिराणीच बरी, कारण प्रमाण मराठीत बोलताना एखादा शब्द अडखळला की त्यांना पुन्हा धागा मिळेल.

मग गप्प राहा. इथेच बहुतेकांचं बिघडतं. समोरचा दोन क्षण काही बोलत नाही, ती शांतता आपल्याला सहन होत नाही, आणि आपणच भरायला लागतो: मी किती शिकले, घरी काय अडचणी आहेत, मागच्या दुकानात किती मान होता. प्रश्न बाजूला पडतो आणि तुम्ही स्वतःची बाजू मांडणाऱ्या होता. प्रश्न विचारून झाल्यावर पाच-सात सेकंद थांबा. ते खरंच एखादी चूक सांगतील, तर ‘बरं, करते’ म्हणून ती करा. चेष्टा म्हणतील, तर दुसरं वाक्य तयार ठेवा: ‘मला चेष्टा वाटत नाही. गिऱ्हाइकासमोर नका बोलू.’ बस, त्यापुढे नाही.

काय करू नका तेही सांगतो. त्यांच्या बोलण्यातल्या खुणा काढून दाखवू नका. खानदेशात वाढलेल्या माणसाच्या बोलण्यात त्या सापडतीलच, पण मग दोघंही एकाच पायरीवर येता आणि शेठजी ‘दोघांनी मिटवून घ्या’ म्हणून मोकळे होतात. त्यांचं गाव, जात, शिक्षण, मुलांचं काही, यावर अजिबात जाऊ नका. आणि अवघडल्यासारखं होऊन त्यांच्याबरोबर हसू नका. ती सवय सगळ्यांनाच असते, पण नंतर तोच पुरावा होतो: ‘तीही हसायची की.’ हसू येत नसेल तर हातातलं काम चालू ठेवा.

एक गोष्ट वेगळी ठेवा. नुसत्या बोलीवरून बोलणं हे दुकानातल्या दुकानात मिटण्यासारखं आहे. पण बोलणं जातीवर गेलं आणि तुम्ही अनुसूचित जाती किंवा जमातीच्या असाल, तर लोकांसमोर मुद्दाम केलेला तसा अपमान १९८९च्या अत्याचार प्रतिबंध कायद्याच्या कलम ३(१)(आर) खाली गुन्हा आहे. बोलणं शरीरावर किंवा लैंगिक अंगाने गेलं तर कामाच्या ठिकाणी स्त्रियांच्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३चा कायदा लागतो. दहा किंवा अधिक माणसं कामाला असतील तिथे अंतर्गत समिती हवी, कमी असतील तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जायचं, आणि तक्रार घटनेपासून ३ महिन्यांच्या आत लेखी द्यायची. तशी वेळ आली तर वहीतली ती नोंद घेऊन आधी वकिलाला भेटा.

दोन आठवड्यांनीही फरक पडला नाही तर शेठजींकडे जा. ते हसले होते म्हणून त्यांना विरोधी पक्षात बसवू नका. हसणारा प्रत्येक जण आप्पांच्या बाजूचा नसतो, पुष्कळदा विषय टाळायला माणूस हसतो. शेठजींना तुमच्या मनाला काय वाटलं यापेक्षा गिऱ्हाइकापुढे काय चाललंय हे लवकर कळतं. वहीतल्या सगळ्या नोंदी देऊ नका, तीन द्या, ज्यांत गिऱ्हाईक समोर होतं अशाच.

आता शुद्धलेखन, कारण चिठ्ठी लिहायची आहे आणि तिच्यातली एक वेलांटी आप्पांना पुन्हा निमित्त देऊ शकते. ‘हीण’ या मराठी शब्दात शेवटच्या अक्षराच्या आधीची वेलांटी दीर्घ, पण पुढे काही जोडलं की ती ऱ्हस्व होते: हीण, पण हिणाचा, हिणकस, हिणवणे, हिणवतात. ‘हीन’ हा संस्कृत शब्द तसाच घेतलेला असल्याने दीर्घच राहतो: हीन, हीनपणा, हीनाला. म्हणजे तुमच्या चिठ्ठीत ‘हिणवणे’ असं ऱ्हस्व लिहा. मजकूर साधारण असा ठेवा:

‘दिनांक … . मा. शेठजी, सादर नमस्कार. मी आपल्या दुकानात काउंटर व हिशेबाचे काम पाहते. खालील तीन दिवशी गिऱ्हाइकांसमोर मला माझ्या बोलीवरून व गावावरून हिणवण्यात आले. बोललेली वाक्ये, वेळ व समोर असलेल्यांची नोंद सोबत दिली आहे. याबाबत दिनांक … रोजी मी संबंधितांना तोंडी सांगितले, तरीही तसे बोलणे थांबले नाही. माझ्या कामात काही उणीव असल्यास ती मला दाखवावी, मी ती दुरुस्त करीन. गिऱ्हाइकांसमोर असे बोलले जाऊ नये, अशी आपण सर्वांना समज द्यावी, ही विनंती.’

‘समज सर्वांना द्यावी’ असं मुद्दाम लिहिलंय. एकट्या आप्पांना बोलावून दम दिला तर दुसऱ्या दिवशी काउंटरवर तुमच्याच शेजारी त्यांना उभं राहायचं असतं, आणि तो राग कुठेतरी निघतो. सगळ्यांना मिळून सांगितलं तर त्यांनाही मागे घ्यायला जागा राहते.

चिठ्ठीच्या दोन प्रती काढा आणि एकीवर शेठजींची सही व तारीख घ्या. आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आधीचा आठवडा आणि धनत्रयोदशीचे दिवस टाळा, त्या गर्दीत कुणी कागद उघडून वाचत नाही. एखाद्या साध्या मंगळवारी-बुधवारी सकाळी, शेठजी गादीवर बसल्यावर त्यांच्या हातात द्या, आणि ‘वाचून झालं की बोलवा’ म्हणून आपल्या काउंटरवर जा. आठ दिवसांत बोलावणं आलं नाही तर एकदा आठवण करून द्या. वहीतल्या नोंदी मात्र तोपर्यंत चालू ठेवा.